मुंगळ्यापुढच्या चाळीस मुंग्या

फार मागं, बांधावरच्या बोरीखाली मुंग्यांचं एक वारूळ होतं. वारूळ सगळ्यांचं, पण देखरेखीला त्यांनी एक मुंगळा मुकादम नेमला. मानाची रीतही त्यांनीच ठरवली: वारुळात एक दालन वाढलं, की मुकादमापुढं चालायला एक मुंगी वाढायची.

मग काय विचारता. दाणे आणणाऱ्या मुंग्या खणायला लागल्या, नाहीतर त्याच्यापुढं चालायला. चाळीस दालनं झाली. त्यातल्या तिसांत ठेवायला दाणा नव्हता, ती काय चाटायची होती?

पिल्लं सांभाळणारी म्हातारी चिंगी मुंगी म्हणाली, "मुकादम, पिल्लं दोन दिवस उपाशी आहेत. हे खणणं कुणासाठी?"

"आजी, वारूळ वाढतंय. शेजारचं बघा, आपल्या निम्म्याएवढंसुद्धा नाही."

"शेजारची पिल्लं जेवलीत."

तिसऱ्या दिवशी पोकळ झालेली जमीन खचली. पिल्लांचं दालन बुजलं, सात पिल्लं गेली. मुंगळा बाहेरूनच, चाळीस जणींच्या मागं उभा राहून म्हणाला, "घाबरू नका. याच्या दुप्पट बांधू."

चिंगीनं त्याच्याकडं पाठ फिरवली. ती त्या चाळीस जणींपुढं गेली. "लाज वाटत नाही? रीत आपणच केली, आता आपणच मोडली. वाचलेली पिल्लं भुकेली आहेत. चला दाण्याला."

सगळ्या निघाल्या. मुंगळा सवयीनं त्यांच्या मागं चालत राहिला. जोंधळ्याच्या शेतात पोचल्यावर चिंगी वळली आणि पहिला दाणा तिनं त्याच्या डोक्यावर ठेवला.