नखाला हुकूम

“सून आणलीय की पाटा? कोपऱ्यात पडलेली असते, तोंडातून शब्द नाही!”

सासूबाई मामंजींच्या कानाशी लागल्या होत्या. चुलीपाशी बसलेल्या भामाने ते ऐकलं आणि भाकरी उलटली.

मामंजी, म्हणजे राजाची नखं काढणारे रावजी न्हावी, त्यांना मात्र वेगळाच घोर होता. राजाच्या पायाच्या अंगठ्याचं नख बुरशीने पिवळं, जाड, भुसभुशीत झालं होतं. एका वैद्याने लेप दिला. राजाने दोन दिवस लावला, तिसऱ्या दिवशी विसरला. दुसऱ्याने काढा दिला. तो राजाने गुपचूप मोगऱ्याला पाजला. तिसरा म्हणाला, “नख उपटू!” राजाने त्यालाच दरबारातून उपटून काढलं!

आणि आता हुकूम सुटला होता: “रावजी, आठ दिवसांनी दसरा. सरदार पाया पडतील. तोवर नख बरं कर, नाहीतर बिऱ्हाड उचल!”

सासूबाई रडत भांडी बांधू लागल्या. भामा हात पुसून उठली. “मामंजी, मी येते तुमच्याबरोबर.”

दरबारात राजाने दमट मोजडीतून पाय काढला. भामाने नख पाहिलं, मोजडीही पाहिली.

“महाराज, लेप चांगलाच आहे. पण बिघडलेलं नख सुधारत नाही, खालून नवं यावं लागतं.”

“मग येऊ दे आठ दिवसांत!”

“आम्हाला सांगून काय उपयोग? नख तुमच्या अंगचं. त्यालाच हुकूम सोडा!”

दरबार खुसखुसला. राजा गुरगुरला, “नख इतकं हळू वाढतं कशावरून?”

भामाने हात पुढे केला. “ही माझ्या लग्नातली मेंदी. तळहातावरची केव्हाच उडाली. नखांवरची बघा, तीन महिने झाले तरी अजून निम्मी आहे. पायाचं नख तर त्याहून आळशी. त्यात हे राजाचं!”

“म्हणजे वर्षभर लेप?”

“रोज! मोजड्या उन्हात वाळवायच्या आणि मामंजींना नख घासू द्यायचं.”

“आणि दसऱ्याला मी काय करू?”

“पायांवर झेंडू वाहायला सांगा, महाराज! पिवळ्यात पिवळं कुणाला दिसतंय?”

राजा इतका हसला की दुसरी मोजडीही पायातून उडाली! रावजींना नखं काढायची चांदीची नराणी मिळाली, भामाला जरीचं लुगडं.

घरी बांधलेली भांडी सुटली. सासूबाई लुगड्याकडे बघत राहिल्या. “अगं बाई, तुला बोलता येतं?”

“येतं की, सासूबाई! पाट्यावर वाटायला काही आलं, की आवाज होतोच!”