हुरहुरीची खिंड

तळकुंभ्याहून घाटाखाली उतरायचं तर ही एकच खिंड. माथ्यावर ही सपाट शिळा. चढ चढून पाय भरून आलेले, वारा गार, तेव्हा कुणालाही वाटतं घटकाभर टेकावं. टेका खुशाल, पण फार वेळ बसवणार नाही. चूल पेटती सोडून आल्यासारखं आतून काहीतरी ढोसत राहतं. माणूस उठतो, बरोबरची माणसं आहेत ना ते बघतो आणि वाटेला लागतो. शिवाय या खिंडीत कुणी कुणाला लांबून हाक मारत नाही. त्यामागची हकिगत गावातली जुनी माणसं सांगतात ती अशी.

फार पूर्वी गावात गोंदाजी नावाचा तांबट होता. त्याच्याकडे एक दुतोंडी झारी होती म्हणे. तिचं एक तोंड माणसाच्या कानाला लावायचं, दुसरं भुईला. मनात जी आठवण आणावी ती माणसातून उतरून त्या जागेत जिरायची, आणि पुढं तिथं बसेल त्याला चढायची. गोंदाजीच्या गुरूने मरताना आपलं सगळं कसब असंच भट्टीपाशी ओतलं होतं. तिथं बसणाऱ्या नवख्यालाही तांबं कधी उतरवायचं ते उमगे. मात्र ओतलेलं ज्याचं त्याच्यापाशी उरत नसे. शेवटी गुरूला हातोडीला काय म्हणतात तेही आठवत नव्हतं, असं सांगतात.

त्याच गावात सुभाना धनगराची बायको राही राहायची. एकुलती एक लेक चिमी. एकदा बाजार करून मायलेकी खिंडीत आल्या. चिमी दमली होती. राहीने तिला शिळेवर बसवलं.

"बैस इथंच. चार काटक्या घेते नि आलेच."

ती रानात शिरली आणि धुकं उतरलं. परतीची वाट दिसेना, तशी ती हाका मारू लागली, "चिमे! ए चिमे!" चाचपडत शिळेपाशी पोचली, तर शिळा रिकामी. हाका जिथून मारल्या होत्या ते सगळं रान गावाने पालथं घातलं. पोर मिळाली नाही.

राहीचं अन्नपाणी तुटलं. उजाडलं की खिंडीत यायची, शिळेभोवती फिरत राहायची. "मी बस म्हणाले न् ती बसली," एवढंच बोलायची. शेवटी सुभानाने गोंदाजीचे पाय धरले. दोघांनी राहीला शिळेपाशी नेलं, झारी लावली आणि सगळी चिमी तिच्यातून शिळेत उतरवली.

राही घरी आली. पोटभर जेवली. पण हात स्वस्थ बसेना. ताटं मांडताना एक ताट जास्तीचं मांडायची आणि त्याच्याकडे बघत राहायची. एक दिवस फडताळात चिमुकल्या बांगड्या सापडल्या.

"या कुणाच्या हो?"

"बाजारात मिळाल्या," असं म्हणून सुभाना मेंढरांकडे गेला आणि तिथं एकटाच रडला.

पुढं बाजारात राहीला एक मीठ विकणारा लमाण दिसला. माल उघडा टाकून डोकं धरून बसला होता.

"काय झालं, दादा?"

"माझी पोर हरवली, बाई. खिंडीतल्या शिळेवर बस म्हणालो न् सरपणाला गेलो."

"केवढी होती?"

तो तिच्याकडे बघतच राहिला. "माझं तर लगीनही झालं नाही. पण तिच्या कानामागं तीळ होता. केसांना करंजाच्या तेलाचा वास. झोपताना माझा अंगठा धरायची. त्या शिळेवर आम्ही दोघं भाऊ टेकलो, तवापासनं जीव थाऱ्यावर नाही. माझा भाऊ तर तिला हुडकत कड्यावरनं घसरला, पाय मोडून पडलाय. कोण ही पोर, बाई?"

राही बाजार तिथंच टाकून निघाली. घरी येऊन तिने बांगड्या नाकाशी धरल्या. करंजाचा वास आला.

"धनी, खरं सांगा."

सुभानाने सांगितलं.

ती तशीच गोंदाजीकडे गेली. "काका, माझं मला परत द्या."

"पोरी, दुःखही येईल त्याच्यासंगं."

"येऊ द्या. परक्या माणसाला माझ्या लेकीचा तीळ ठाऊक, आणि मला नाही!"

राही शिळेवर बसली. गोंदाजीने झारी उलटी धरली. तीळ आला, तेलाचा वास आला, अंगठ्यावरची मूठ आली. आणि त्यामागून असं काही आलं जे तिने कधी पाहिलंच नव्हतं. जागेलाही स्वतःची आठवण असते, हे गोंदाजीलाही तोवर माहीत नव्हतं.

चिमी सांगितल्या जागीच बसली होती, पाय हलवत. धुक्यातून आईची हाक आली. पण ती समोरच्या कड्यावर आपटून, उलट्या बाजूने. "आले गं आई!" म्हणत पोर हसत त्या आवाजाकडे धावली. दरीच्या अंगाला.

राही रडली नाही. उठली आणि करवंदीच्या जाळीतून खाली उतरू लागली. सुभाना मागोमाग गेला. खाली जे मिळालं ते तिने पदरात घेतलं, आणि दोघांनी तिथंच माती दिली.

ती वर आली तेव्हा गोंदाजी म्हणाला, "शिळेत अजून थोडी हुरहूर उरलीय. तेवढी घे, म्हणजे वाट मोकळी होईल."

"राहू द्या, काका," राही म्हणाली. "इथं कुणी निवांत बसू नये. कुणी लेकराला बसवून जाऊ नये."

लमाणाच्या डोळ्यांपुढची पोर त्या दिवसापासून गेली म्हणे. राहीची मात्र जन्मभर राहिली. धुकं उतरलं की ती खिंडीत येऊन उभी राही आणि वाटसरूंची पोरं हाताला धरून पार करून देई.

आजही इथं हाक मारत नाहीत. कुणी मागं राहिलं, तर पुढं गेलेला माणूस, कितीही दमलेला असो, उलटा चढ चढून त्याच्यापर्यंत जातो, मनगट धरतो, आणि मगच दोघं बोलू लागतात.