दगडांच्या वऱ्हाडातली हाक

एका उंच माळावर धनगरांची एक वाडी होती. वाडीपलीकडे फार जुन्या लोकांनी उभे केलेले मोठमोठे दगड होते, गोल रिंगणात. ते कुणी उभे केले, कशासाठी, हे कोणालाच ठाऊक नव्हतं. वाडीतले लोक म्हणत, हे एक लग्नाचं वऱ्हाड आहे. माळावर वाट चुकलं आणि दगड झालं. धुकं पडलं की ते हाका मारतं, आणि ओ देणाराही दगड होतो.

त्या वाडीत ठकूबाई राहायची. एका दुपारी माळावर दाट धुकं उतरलं. ठकूबाई मेंढरं वाड्यात कोंडत होती, तेवढ्यात दगडांकडून आवाज आला, "कुणी हाय का वो?"

तिचा दीर धुळा जागीच थबकला. "वहिनी, ओ देऊ नका. वऱ्हाड बोलावतंय."

पुन्हा हाक आली, आधीपेक्षा क्षीण. ठकूबाईच्या अंगावर काटा आला. पण पाय घराकडे वळेनात.

ती म्हणाली, "भावजी, वऱ्हाड असलं तर माझं काय व्हायचं ते होईल. पण माणूस असलं तर ते या गारठ्यात मरेल."

"आलेऽऽ!" तिनं ओ दिली आणि ती धुक्यात शिरली.

धुक्यातून दगड माणसांसारखे पुढे येऊ लागले. तिनं हात जोडले. "वऱ्हाडी मंडळी, वाट द्या. माझं माणूस न्यायला आलेय."

एका दगडाच्या आडोशाला बांगड्या विकणारी म्हातारी कासारीण काकडून पडली होती. तिचा पाय मुरगळला होता. ठकूबाईनं आपलं घोंगडं तिच्यावर घातलं, पण तिला एकटीला उचलवेना.

"भावजी, माणूसच हाय! या लवकर!"

धुळा क्षणभर घुटमळला. मग धावत आला. दोघांनी म्हातारीला वाडीत आणलं, शेकोटीपाशी निजवलं, ऊन दूध पाजलं. संध्याकाळी ती उठून बसली आणि ठकूबाईच्या तोंडावरून हात फिरवत राहिली. दगड कोणीच झालं नव्हतं.

आता माळावर धुकं दाटलं की धुळा वाडीच्या टोकाला उभा राहून ढोल वाजवतो. वाट चुकलेली माणसं त्या आवाजाच्या रोखानं चालत सुखरूप वाडीवर येतात.

तात्पर्य: भीती सगळ्यांनाच वाटते, पण अडलेल्याच्या हाकेला जो ओ देतो, तो त्याला तर वाचवतोच, शिवाय इतरांचीही भीती घालवतो.