घंटेच्या बाकीची कहाणी

ऐका बायांनो, आपलं येणं मागण्याच्या वशाची कहाणी. शके एकोणीसशे दहा, शरद ऋतू, कार्तिक शुद्ध पंचमी. एक आटपाट नगर. तिथं हणमंता ओतारी राही, पितळेच्या घंटा ओती. बायको सोनाबाई, लेक मंजुळा. लेक दौलतराव भांडीवाल्याच्या घरी दिलेली. त्या व्याह्यानं देवळासाठी घंटा सांगितली. स्टँपकागद केला: निम्मे आधी, निम्मे घंटा टांगली की. मग बाकी राहिली तीन हजार.

ओताऱ्यांची एक चाल असे. पुरे पैसे हाती येईतो घंटेतला लोलक द्यायचा नाही. लोलकाविना घंटा मुकी. सोनाबाई म्हणाली, "अहो, लोलक ठेवून घ्या."

"व्याह्याशी असं वागू? पोर तिथं नांदतेय."

मग लोलक दिला. त्याच पंचमीला घंटा टांगली, वाजली. पैसे राहिले.

पहिल्या वर्षी मागायला गेला. व्याह्यानं पुरणपोळी वाढली. जेवून परत आला. दुसऱ्या वर्षी गेला. "बसा हो व्याही, पळून चाललोय का मी?" हणमंता हसला, परत आला. त्या वर्षी सोनाबाईला काचबिंदू झाला. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन लवकर करा. पैसे नव्हते. एक डोळा गेला.

तिसऱ्या वर्षी, भाद्रपदात, कोर्टाच्या पायरीशी एक म्हातारी अर्ज लिहीत बसलेली दिसली. हणमंत्यानं स्टँपकागद पुढं केला. "आजी, बाकी मागायचा माझा वेळ गेला का?"

तिनं कागद पाहिला. "दोन महिने उरलेत. वसा सांगते. घेशील नि लाजशील."

"लाजणार नाही, मोडणार नाही."

"मग ऐक. कागद जपावा. मागणी लेखी करावी, रजिस्टर टपालानं धाडावी. पंधरा दिवस वाट बघावी. न दिलं तर दावा लावावा. तीन वर्षं उलटली की कोर्ट ऐकत नाही."

मग नोटीस धाडली. दौलतरावानं बोलावून घेतलं. "लेकीच्या दारी नोटीस? शोभतं का व्याही?"

मंजुळा आतून आली. "शोभतं, मामंजी. बाबा, तुम्ही गप्प, म्हणून सासूबाई रोज ऐकवतात, तुझ्या बापाला कुठं गरज आहे! आईचा डोळा कुणाला दाखवू मी?"

हणमंत्याची मान वर होईना. जिच्यासाठी गप्प बसला, तिलाच ते गप्प बसणं सोसावं लागलं होतं.

मग मुदतीत दावा लावला. कागद होता, सही होती. हुकूम झाला: बाकी, व्याज, दाव्याचा खर्च. दौलतराव देईना. मग हुकूम बजावून घ्यायला दरखास्त केली. कोर्टाचा बेलिफ त्याचं दुकान जप्त करायला निघाला. इकडे डॉक्टर म्हणाले, गेलेला डोळा परत येत नाही. दुसरा वाचेल, पण चैत्राच्या आत या.

हणमंत्याला उशिरा उमजलं, ते तुम्हां आम्हां वेळेत उमजो. त्याचं येणं आलं, तसं तुमचं येवो. लांबलचक कहाणी, थोड्या बोलांत सुफळ झाली.

शके एकोणीसशे चौदा, फाल्गुन वद्य द्वितीया. चैत्र लागायच्या आत दौलतरावानं सगळी रक्कम भरली.