सूक्ष्मालेखाखालच्या चार ओळी

हळदीची मोठी पेठ असलेल्या गावात एकदा एक वृद्ध प्राध्यापक राहत होते. आयुष्यभर वनस्पतिशास्त्र शिकवून ते निवृत्त झाले होते. घराच्या पुढच्या खोलीत त्यांचा पितळी सूक्ष्मदर्शक होता आणि मागच्या परसात हळदीचे दोन वाफे. त्यांच्याकडे एक तरुण शिष्य नेहमी येत असे. त्याला पदवी मिळून वर्ष झाले होते आणि जगातली सगळी लबाडी येत्या दिवाळीपर्यंत संपवून टाकायची, असा त्याचा साधारण बेत होता.

एका गुरुवारी सकाळी नऊच्या सुमारास हा शिष्य पायातल्या चपलांसकट थेट खोलीत शिरला.

"सर, सापडला! रंगेहाथ सापडला!"

"आधी चपला," प्राध्यापक म्हणाले.

चपला दाराबाहेर उडाल्या. शिष्याने फोन त्यांच्यासमोर धरला. पिवळसर पार्श्वभूमीवर काळेनिळे ठिपके दाटीवाटीने पसरले होते. पेठेतल्या एका जुन्या व्यापाऱ्याच्या दुकानातून त्याने सुटी हळद आणली होती, कॉलेजच्या प्रयोगशाळेत तिच्यावर आयोडीन टाकले होते आणि सूक्ष्मदर्शकाच्या भिंगाला फोन लावून हा फोटो काढला होता.

"आयोडीनने निळं काय होतं, सर? स्टार्च! म्हणजे पीठ! तांदळाचं पीठ कालवतोय तो माणूस, आणि सगळं गाव देवाला वाहतंय तीच हळद. काल संध्याकाळी दुकानात जाऊन गिऱ्हाइकांसमोर फोटो दाखवला त्याला. बोलतीच बंद झाली."

"काहीच म्हणाला नाही?"

"म्हणाला ना. 'पोरा, मी काही मिसळलेलं नाही. माणूस खोटं बोलला तर त्याच्याशी भांडता येतं. तुझ्या या चित्राशी मी कसं भांडू?' असं म्हणाला. दोन बायका हळद तिथेच ठेवून निघून गेल्या. आज गावचं साप्ताहिक छापायला जातंय. पहिल्या पानावर फोटो आणि वर मथळा, 'हळदीत पीठ, हा घ्या पुरावा!' दुकानाच्या नावासकट. एक वाजेपर्यंत मजकूर द्यायचाय."

"मग माझ्याकडे कशाला आलास?"

"एका शब्दासाठी. संपादक म्हणतात, फोटोखाली नुसतं 'फोटो' लिहिलं तर लोक हसतील. सूक्ष्मदर्शकातून काढलेल्या फोटोला आपल्याकडे भारदस्त शब्द आहे म्हणे."

"आहे. सूक्ष्मालेख."

"वा! सूक्ष्मालेख!" शिष्याला शब्द इतका आवडला की तो त्याने दोनदा उच्चारून पाहिला. "कधी वाचला कसा नाही मी?"

"फारसा कोणी वापरत नाही. आणि आज तुलाही वापरता येणार नाही."

"का?"

"कारण हा अजून सूक्ष्मालेख झालेला नाही."

शिष्य गोंधळला. सूक्ष्मदर्शकही खरा, फोटोही खरा, मग राहिले काय?  प्राध्यापकांनी उठून कपाटातून कागदाची एक पुडी काढली. पुडीवर नाव नव्हते. आत पिवळी भुकटी होती.

"ही आणखी एकाची हळद. याच गावातली. बघ जरा."

शिष्याला आणखी काय हवे होते! त्याने चिमूटभर भुकटी काचपट्टीवर घेतली, पाण्याचा थेंब सोडला, आयोडीनची बाटली सढळ हाताने उपडी केली आणि डोळा लावला. पुढच्याच क्षणी तो ओरडला.

"बाप रे! हा तर त्याच्याही वरचढ! सर, बघा, बघा तरी! काठोकाठ पीठ आहे!" भराभर त्याने चार फोटो काढले. "कोण आहे हा? नाव सांगा. दोघांचे फोटो शेजारी शेजारी छापतो. याला तर पेठेत तोंड दाखवायला जागा ठेवणार नाही!"

"नक्की?"

"शंभर टक्के!"

"बदनाम करशील?"

"तुम्ही नाव सांगा फक्त."

"चल, भेटवतोच," असे म्हणून प्राध्यापकांनी कोपऱ्यातले खुरपे उचलले आणि ते मागच्या दाराने परसात गेले. शिष्य बाह्या सरसावून मागोमाग गेला. परसात कोणीच नव्हते. वाफ्यातल्या हळदीची पाने पिवळी पडून वाळली होती. प्राध्यापक गुडघ्यांवर बसले, त्यांनी माती उकरली आणि एक ओला गड्डा ओढून काढला. पाण्याखाली धुऊन त्यांनी तो शिष्याच्या हातात ठेवला.

"हा तो. याच्याच शेजारच्या गड्ड्याच्या चकत्या वाळवून खलबत्त्यात मीच कुटल्या. विचार याला, मातीखाली राहून पीठ कोणी कालवलं तुझ्यात?"

शिष्य हसला. त्याला वाटले सर थट्टा करत आहेत. मग त्याचे हसू अर्धवट राहिले. तो धावत आत गेला, पात्याने त्या ओल्या गड्ड्याचा कागदापेक्षा पातळ काप काढला, आयोडीनचा थेंब दिला आणि भिंगाला डोळा लावला.

तेच काळेनिळे ठिपके.

 वर पाहायची त्याची छाती होत नव्हती.

"पण सर," भिंगावर वाकूनच तो म्हणाला, "मी आईच्या डब्यातली हळदही तपासली होती. तिच्यात असे ठिपके नव्हते. तिच्याशी ताडूनच तर बोललो मी."

"आईची हळद शिजवलेली. पेठेतली बहुतेक हळद आधी शिजवतात, मग वाळवतात. शिजताना हळदीतला स्टार्च फुगतो, फुटतो आणि त्याचा लगदा होतो. वेगळे कण दिसत नाहीत. न शिजवता चकत्या करून वाळवली, तर कण जसेच्या तसे राहतात. तू आणलेली हळद कोणती होती?"

शिष्याला दुकानातली पाटी आठवली. खडूने लिहिलेली, पोत्याला टेकवून ठेवलेली. 'कच्ची वाळवलेली हळद.' ती त्याने वाचली होती. तिचा अर्थ विचारायला त्याला सवड नव्हती.

"मी विचारलंच नाही," तो पुटपुटला.

तेव्हा प्राध्यापक त्याच्यासमोर बसले.

"हे बघ, तुला आलेला राग खोटा नाही. तो विझव असं मी सांगणार नाही. पण शब्द मागायला आलास, तर त्याचा अर्थही घेऊन जा. तुझ्या फोटोतला ठिपका किती मोठा आहे?"

"मोठा दिसावा म्हणून बोटांनी ताणला होता."

"किती?"

"दिसेपर्यंत."

"दिसेपर्यंत हे काही माप नाही. तांदळाचा कण हळदीच्या कणाच्या सातव्या हिश्शाएवढा असतो. ताणून ताणून कोणताही कण कोणत्याही कणाएवढा दिसतो. आयोडीन इतकं ओतलंस की आकार बुडून गेले. ज्या चित्राखाली चार ओळी असतात, त्यालाच सूक्ष्मालेख म्हणायचं. नमुना कशाचा आणि कुठला. तो कसा तयार केला. किती मोठा करून दाखवला. आणि कोणी, कधी काढला. या ओळी शोभेसाठी नसतात. चित्र ज्याच्या विरोधात उभं आहे, त्याला त्या चित्राला उलट विचारता यावं, म्हणून त्या असतात. काल तो व्यापारी तुला हेच म्हणत होता. त्याला शब्द माहीत नव्हता. तुला आजही फक्त शब्दच माहीत आहे."

शिष्याच्या डोळ्यांत पाणी आले. त्याने घड्याळ पाहिले. साडेअकरा. त्याने संपादकांना फोन लावला.

"फोटो काढून टाका. मथळाही."

"अरे, पान लागलंय! ऐनवेळी काय भरू तिथे?" पलीकडून संपादक ओरडले.

"रिकामं ठेवा! माझी चूक झाली असं छापा! पण ते नाव छापू नका."

फोन ठेवून तो बसला नाही. बसणे त्याच्या स्वभावातच नव्हते. "सर, माप कसं घेतात?"

प्राध्यापकांनी डबीतून एक काचपट्टी काढली. तिच्यावर एका मिलिमीटरचे शंभर भाग कोरलेले होते. शिष्याने तिचा फोटो घेतला. मग फोन न हलवता, बोटांनी न ताणता, आयोडीन पातळ करून एकच थेंब देत, त्याने व्यापाऱ्याची उरलेली हळद पाहिली. धुके विरावे तसे आकार उमटले. चपटे, शिंपल्यासारखे, एका टोकाला निमुळते कण. एकेक कण पट्टीवरची साडेतीन घरे व्यापत होता. सरांच्या गड्ड्यातले कणही तेवढेच, तसेच. मग त्याने स्वयंपाकघरातून तांदळाचे पीठ आणले. त्याचे कण बारीक, कोनाकोनांचे, जेमतेम अर्ध्या घराचे होते.

"सर, किती वेगळे आहेत!" तो पुन्हा ओरडला. पण या ओरडण्यात कोणाचे नाव नव्हते. "हे कोणालाही ओळखता येईल! अक्षरशः कोणालाही!"

दुपारी तिन्ही चित्रे, प्रत्येकाखाली चार ओळी लिहून, छापून घेऊन तो पेठेत गेला. काल ज्या वेळी गिऱ्हाइके होती, त्या वेळेपर्यंत तो दुकानासमोर उभा राहिला. मग सगळ्यांदेखत म्हणाला, "काका, काल मी चुकीचं बोललो. तुमच्या हळदीत पीठ नाही. हे माझं चित्र, आणि हे त्याखालचं."

व्यापाऱ्याने चष्मा लावला. वरच्या चित्राकडे त्याने ओझरते पाहिले आणि खालच्या ओळी बोट ठेवून वाचल्या.

"हा कण केवढा म्हणायचा?"

"केसाच्या जाडीच्या साधारण निम्मा."

"हं. आणि नमुना 'दुकानातील सुटी हळद'. कोणत्या पोत्यातली? माझ्याकडे पाच पोती आहेत."

शिष्य थबकला. "डावीकडून दुसरं. पाटी लावलेलं."

"मग तसं लिही ना!"

शिष्याने खिशातून पेन काढून तिथल्या तिथे लिहिले. बघणारे हसले. व्यापारीही हसला, पण त्याच्या चेहऱ्यावर कालचा ताण अजून होता.

"काल रात्रभर मला वाटत होतं, तीन पिढ्यांचं दुकान एका फोनवर बुडालं. आता तुझ्या चित्राशी बोलता येतंय." त्याने मागच्या पोत्यांकडे बोट दाखवले. "आता असं कर. उरलेल्या चार पोत्यांचीही अशीच चित्रं काढ. ती शिजवलेली हळद आहे, बाहेरून दळून येते. मी कधी आत डोकावलेलं नाही. खरं सांगायचं तर भीती वाटायची."

शिष्याने सरांचा सूक्ष्मदर्शक दुकानातच आणला. तीन पोत्यांत नुसता लगदा निघाला, शिजवलेल्या हळदीत असावा तसा. चौथ्यात त्या लगद्यामधून बारीक, कोनाकोनांचे, अर्ध्या घराचे कण जागोजागी विखुरले होते.  पुन्हा थेंब. पुन्हा नवी काचपट्टी. एकाच पोत्यातून वरची, मधली, तळाची अशी तीन ठिकाणची हळद त्याने पाहिली. तिन्हींत तेच. या वेळी तो ओरडला नाही. त्याने आधी चार ओळी लिहिल्या.

व्यापाऱ्याने ते चित्र पुरवठादाराला पाठवले. पुरवठादाराने फोनवरून आधी दमदाटी केली. मग व्यापाऱ्याने त्याला ओळीने विचारले, नमुना चुकलाय का, माप चुकलंय का, कृती चुकली आहे का?  पोते त्याच दिवशी परत गेले, आणि दुसऱ्या दिवशी पेठेतल्या आणखी सहा दुकानांतून शिष्याला बोलावणे आले.

त्या संध्याकाळी त्याने परत गेलेल्या पोत्याचे चित्र प्राध्यापकांसमोर ठेवले. त्यांनी खालच्या ओळी दोनदा वाचल्या, खिशातले पेन काढले आणि चित्राच्या माथ्यावर सावकाश एक शब्द लिहिला, 'सूक्ष्मालेख'.

शिष्य त्या शब्दाकडे पाहत राहिला. मग हळूच म्हणाला, "सर, तो पहिला फोटो मी पुसून टाकू?"

"नको. जपून ठेव. पण त्याच्याखालीही चार ओळी लिही."

शिष्याने लिहिले. नमुना: न विचारता आणलेला. कृती: घाईने. माप: दिसेपर्यंत. काढणारा: मी.

आपल्या फोनवर रोज असे ताणलेले ठिपके येतात. पुढे धाडण्याआधी बोटाला एवढेच विचारायला हवे, की खालच्या चार ओळी कुठे आहेत.