रुमालाची घडी

"हा पॉज तुम्ही मुद्दाम घेता का, फादर?"

फादर अँब्रोजनी हातातली शेंग फोडली. दाणे परातीत टाकले, टरफल पायाशी टाकलं. बोलले काहीच नाहीत.

"बघा... परत घेतलात," वेंडेल टॅगार्ट म्हणाला.

वेंडेलला पॉजमधलं कळत होतं. उभा जन्म त्यानं त्यावरच काढला होता. अमेरिकेत सिनेमे बघणाऱ्या कुठल्याही माणसानं त्याचा चेहरा पाहिलेला असायचा, आणि नाव मात्र कुणालाच सांगता यायचं नाही. विमानतळावर लोक त्याला अडवायचे. कुणाला तो आपला जुना दातांचा डॉक्टर वाटायचा, कुणाला शाळेतला गणिताचा मास्तर. तो नेमका कोण हे आठवेपर्यंत त्यांचं विमान निघायची वेळ व्हायची.

नेब्रास्कातल्या एका पेंड विकणाऱ्या दुकानदाराचा हा मुलगा. नाक वाकडं, डोळे बारीक, केस तिशीतच मागे हटलेले. हिरो व्हायची सोय देवानं ठेवलीच नव्हती. मग तो बाकीचं सगळं झाला. घोड्यावरून पडणारा डाकू झाला, शेरीफचा मदतनीस झाला, ऑपरेशनच्या खोलीतून बाहेर येऊन नुसती मान हलवणारा डॉक्टर झाला. न्यायाधीश झाला, खुनी झाला, खुन्याला पकडून देणारा शेजारीही झाला. हिरोनं एखादं दार ठोठावलं की ते उघडणारा माणूस म्हणजे वेंडेल.

मठातला साधूही तो झाला होता. म्हणून तर त्याला संशय येत होता.

साधू कसा करायचा हे त्याला पाठ होतं. विचारलं की लगेच उत्तर द्यायचं नाही. हाताला काहीतरी साधं काम ठेवायचं. समोरच्याच्या डोळ्यांत न बघता जरा पलीकडे बघायचं. आवाज खालचा. एवढं जमलं की पडद्यावर कुणीही संत दिसतो.

आणि हा म्हातारा नेमकं तेच करत होता.

न्यू मेक्सिकोच्या उजाड माळावर मातीच्या भिंतींचा हा लहानसा मठ. दुपारची वेळ. ओसरीवर दोन खुर्च्या, मधे परात, बाजूला घेवड्याच्या वाळक्या शेंगांची टोपली. वेंडेलच्या मनात आलं, सेट लावणाऱ्यानं सुद्धा इतकं बेतशीर लावलं नसतं.

"तुम्ही मला ओळखलंत ना?" त्यानं विचारलं.

"नाही."

"सिनेमे बघत नाही म्हणाल आता."

"बघतो कधीतरी. चेहरे लक्षात राहत नाहीत."

वेंडेलला ते पटलं नाही. सकाळी फाटकाशी त्यानं आपलं नाव एकदाच सांगितलं होतं, आणि 'आलात कशासाठी' असं दोनदा विचारताना म्हाताऱ्यानं ते दोन्ही वेळा बिनचूक घेतलं होतं. चेहरे विसरणाऱ्याची नावं इतकी पक्की कशी?

"आलात कशासाठी, वेंडेल?"

हे तिसऱ्यांदा.

बायको एडना गेल्यापासून वेंडेल बऱ्याच जणांकडे जाऊन आला होता. एका मनाच्या डॉक्टरकडे गेला, तर तो डॉक्टर ऐकताना हनुवटीखाली मूठ धरायचा. ती मूठ वेंडेलनं स्वतः एका मालिकेत वर्षभर धरली होती. पुन्हा तिकडे जाववलं नाही. आपल्या चर्चच्या पाद्र्याकडे गेला, तर त्यानं खांद्यावर हात ठेवला आणि बरोबर तितकाच वेळ ठेवला, जितका ठेवायला हवा.

"माझी बायको वारली," तो म्हणाला. "एडना. वसंतात गेली."

फादरनी मान वर केली.

"अंत्यविधीला चर्च भरलं होतं. मी बोलायला उभा राहिलो. चार वाक्यं बोललो आणि पुढचं सुचेना. हातात रुमाल होता. मी त्याची घडी घातली. मोडली. परत घातली... परत मोडली. चर्चमधलं एकूण एक माणूस रडलं, फादर. फक्त माझी मुलगी नोरा रडली नाही. पहिल्या बाकावर बसून ती माझ्या हातांकडे बघत होती."

"मग?"

"मागून कुणीतरी कुजबुजलं, 'तेच, तेच ते!' ...मला ऐकू आलं. नोरालाही आलं."

फादरना काही कळलं नाही हे त्यांच्या तोंडावर दिसत होतं. किंवा तसं त्यांनी दाखवलं.

वेंडेलनं सांगितलं. आयुष्यभर इतकी कामं केली, त्यातलं लोकांच्या लक्षात राहिलं ते एकच. एका सिनेमात तो खानावळीचा मालक होता. शेरीफ येतो आणि सांगतो, तुझा मुलगा मारला गेला. दिग्दर्शक म्हणाला होता, काहीतरी करा, पण रडू नका. वेंडेलनं काउंटरवरचा फडका उचलला. घडी घातली, मोडली, परत घातली. कॅमेरा चालू राहिला. पुढे तो सिनेमा लोक विसरले, ती घडी विसरले नाहीत. वर्तमानपत्रात वेंडेलचं नाव पहिल्यांदाच एकही अक्षर न चुकता छापून आलं. नटांच्या शाळांत ते दृश्य मुलांना दाखवायला लागले.

"दफन उरकल्यावर नोरा गाडीपाशी मला म्हणाली, 'बाबा, आईच्या अंत्यविधीत तुम्ही तुमचा सगळ्यात गाजलेला सीन केलात.' त्यानंतर ती माझ्याशी बोललेली नाही. फोन उचलत नाही. तिचा राग मी समजू शकतो. पण मला झोप लागत नाही ती वेगळ्याच गोष्टीनं. ती म्हणते ते खरं की खोटं, हे माझं मलाच सांगता येत नाही."

शेवटच्या वाक्याला त्याचा आवाज खाली उतरला. जिथं उतरायला हवा तिथंच उतरला. ते त्याचं त्यालाच ऐकू आलं आणि तो चरकला.

"हे... चांगलं सांगितलं ना मी?"

"फार चांगलं," फादर म्हणाले.

वेंडेलच्या अंगाची आग झाली. कौतुक की टोमणा? म्हाताऱ्याचा चेहरा कोरा होता. कोरा चेहरा ठेवणं सगळ्यात सोपं, हेही वेंडेलला ठाऊक होतं.

"हे बघा फादर, मला उपदेश नको. तुम्ही इतकी माणसं मरताना पाहिलीत. मागे राहिलेल्यांना रडताना पाहिलंत. खरं दुःख तुम्हाला ओळखता येत असणार. मी तुमच्यासमोर एडनाबद्दल बोलतो. तुम्ही माझ्याकडे नीट बघा आणि सांगा, खरं की नाटक. बस्स. जे सांगाल ते घेऊन मी जातो."

फादर उठले. गुडघे धरून सावकाश उठले. वेंडेलची नजर त्या गुडघ्यांवरही होती, खरंच दुखतात की काय म्हणून. त्यांनी आपली जड खुर्ची ओढत ओसरीच्या टोकाला नेली, तोंड भिंतीकडे केलं, आणि वेंडेलकडे पाठ करून बसले. मग वळून परात नेली. टोपली नेली. पुन्हा पाठ.

"सांगा," ते भिंतीला म्हणाले.

वेंडेल हसला. "हे जुनं आहे, फादर. एक दिग्दर्शक असाच पाठ करून बसायचा. म्हणायचा, मला दिसू नका, ऐकू या. नट घाबरतो आणि चांगलं काम करतो."

शेंग फुटल्याचा आवाज आला. बाकी काही नाही.

"मला युक्त्या कळतात."

...

"तुम्ही बघणारच नसाल, तर सांगणार काय?"

आणखी एक शेंग.

वेंडेलनं त्या पाठीकडे बघितलं. झग्याला उजव्या खांद्यावर ठिगळ होतं. पाठीवर काहीच वाचता येत नव्हतं. आपलं बोलणं पोचतंय की नाही, कुठं थांबावं, कुठं आवाज चढवावा, हे तो जन्मभर समोरच्या तोंडावर वाचत आला होता. इथं नुसती पाठ, आणि पाठीपुढे भिंत.

त्यानं हॅट उचलली. ओसरीच्या पायऱ्या उतरला. ऊन तापलं होतं, गाडी फाटकाबाहेर होती. फादरनी हाक मारली नाही. वेंडेल अर्ध्या अंगणात थांबला. मागं वळला तो तावातावानं, दोन शब्द सुनवावेत म्हणून.

"ती घडी माझी नव्हतीच," तो तिथूनच म्हणाला.

हे वाक्य कुठून आलं, त्यालाही कळलं नाही.

"नोराच्या आधी आम्हाला एक मुलगा झाला होता. थोडेच दिवस जगला. नोराला हे माहीत नाही, एडनानं तिला कधी सांगितलं नाही. हॉस्पिटलातून फोन आला तेव्हा एडना स्वयंपाकघरात होती. तिनं ऐकून घेतलं. रिसीव्हर ठेवला. ओट्यावर फडका पडला होता, तो उचलला. घडी घातली... मोडली... परत घातली. मी दारात उभा होतो."

तो पायऱ्यांवर परत आला होता. बसला.

"जवळ जायला हवं होतं. मी बघत राहिलो. नटाच्या अंगात भिनलेलंच असतं ते. समोर घर कोसळत असलं तरी आत कुणीतरी जागा राहतो आणि म्हणतो, हे लक्षात ठेव... ठेवलं लक्षात. कितीतरी वर्षांनी खानावळीच्या त्या सीनला ते आपोआप हातात आलं. मी तिला आधी सांगितलंही नाही. आम्ही थिएटरात शेजारीशेजारी बसलो होतो. तो सीन आला आणि तिनं माझा हात सोडला. मग बऱ्याच वेळानं परत धरला."

वारा नव्हता. माळावर कुठेतरी एक पाखरू ओरडत होतं.

"गाडीत बसल्यावर म्हणाली, 'बरं झालं. कुठेतरी राहिलं.' एवढंच. ते रागानं म्हणालीस की मनापासून, मी आजवर विचारलं नाही. भीती वाटायची. तुझं उत्तर खरं असायचं ना नेहमी. प्रत्येक सिनेमा बघून आलो की तू चपला काढता काढता सांगायचीस. डॉक्टर खोटा वाटला, वेंडेल. न्यायाधीश बरा होता. तो बेवडा खरा होता, त्याला घरी आणू नकोस. लोक काय म्हणतात, पेपर काय म्हणतात, मी कधी ऐकलं नाही. तू म्हणशील ते."

त्याचा आवाज चिरकत होता. मधेच नाकात गेला. कुठल्याही दिग्दर्शकानं कट म्हटलं असतं.

"चर्चमध्ये रुमाल हातात आला आणि हात चालायला लागले. ते तुझे हात होते की त्या खानावळवाल्याचे, मला माहीत नाही. मी सीन करत होतो का गं? पहिल्या बाकावर तू असायला हवी होतीस. घरी येऊन सांगितलं असतंस. खोटा होतास म्हणाली असतीस तरी चाललं असतं मला, पण सांगितलं असतंस... आता घरी गेलो की दार उघडतो, आणि कुणी काही म्हणत नाही. नोराला खरं सांगायचं तर बाळाचं सांगावं लागेल. ते तू झाकून ठेवलंस. सांगू का मी तिला? ...सांगतो. तिला कळू दे ती घडी कुणाची होती ते."

तो थांबला.

मग त्याला जाणवलं की शेंगा फुटायचा आवाज येत नाहीये. कधी बंद झाला होता, त्याला पत्ता नव्हता.

"फादर?"

तो उठून खुर्चीला वळसा घालून पुढे गेला. फादर अँब्रोजची हनुवटी छातीवर टेकली होती. तोंड किंचित उघडं. मांडीवर हात, हातात अर्धी सोललेली शेंग.

वेंडेल खाली वाकला. सोंग घेणाऱ्याच्या पापण्या हलतात, हे त्याला माहीत होतं. या पापण्या हलत नव्हत्या. सोंग घेणाऱ्याचा श्वास फार एकसारखा चालतो. हा मधेच अडकत होता. ओठाच्या कोपऱ्यातून लाळेचा बारीक ओघळ आला होता. तो मात्र काढता येतो. वेंडेलनं स्वतः काढला होता, एका रेल्वे स्टेशनवर झोपलेल्या भिकाऱ्याच्या कामात. त्यानं आणखी जवळून बघितलं. काही केल्या ठरेना.

"फादर!"

म्हाताऱ्यानं दचकून डोळे उघडले. शेंग खाली पडली.

"हं... झालं सांगून?"

"तुम्ही झोपला होतात?"

"दुपारची लागते डुलकी."

"कधीपासून? कुठवर ऐकलंत?"

फादरनी डोळे चोळले, आठवून बघितलं. "तुम्ही पायऱ्या उतरून निघालात... तिथवर."

"म्हणजे काहीच नाही!" वेंडेल ओरडला. "मी इथे सगळं... जे मी पोटच्या पोरीला सांगितलं नाही, ते..." त्यानं बाहीनं नाक पुसायला हात वर केला, तेव्हा त्याला दिसलं, बाही कोपरापर्यंत आधीच ओली होती. ती कधी ओली झाली, त्याला आठवत नव्हतं.

फादर अँब्रोजनी खुर्ची भिंतीकडून वळवली. मग पहिल्यांदाच सरळ त्याच्या डोळ्यांत बघितलं.

"मग इतका वेळ," त्यांनी विचारलं, "तुम्ही कुणाला सांगत होतात?"