उरलेला दिवस

आभाळात चंद्र उगवायचा नाही, असा एक मुलूख होता. ही त्या मुलुखातली, फार फार मागची गोष्ट. चंद्र नाही म्हणजे तिथी नाही, पौर्णिमा नाही, अमावास्या नाही. ऊन तापलं की उन्हाळा म्हणायचं, गारठा पडला की शेकोटी पेटवायची. आज कोणता दिवस, हे कुणी कुणाला विचारायचं नाही, कारण सांगणार कोण?

त्या मुलुखात एका खोल दरीच्या काठावर कडेसर नावाचं गाव होतं. आणि दरवर्षी गारठा संपता संपता, एका दिवशी, त्या दरीतून हाक यायची.

दिसायला काही नसायचं. चांगलं लख्ख ऊन पडलेलं असायचं, बायका धान्य पाखडत असायच्या, आणि एकदम कुणाचं तरी नाव ऐकू यायचं. आवाज आपल्याच माणसाचा. बापाचा, बहिणीचा, कधी गेलेल्या नवऱ्याचा. ज्याचं नाव यायचं तो नकळत म्हणायचा, "ओ!" आणि हातातलं काम टाकून दरीकडे चालू लागायचा. धरलं तर हात झिडकारायचा. मागं वळून पाहायचा नाही. परत आलेला एकही माणूस कुणाला माहीत नाही.

तो दिवस कधी येणार हेच ठाऊक नव्हतं, ते सगळ्यात वाईट. गारठा पडला की गाव भेदरायचं. आया पोरांना नावानं हाक मारायच्या नाहीत, ओढून जवळ घ्यायच्या. पण अख्खा गारठाभर दार लावून कोण बसणार?

असं म्हणतात, आवडाई तेव्हा तिशीतली होती. तिची सात वर्षांची ठकू अंगणात चिंचोके खेळत होती. ठकू "ओ" म्हणाली आणि उठून गेली. आवडाई कड्यापर्यंत तिच्यामागं धावली. खाली नुसतं धुकं होतं.

आवडाई रडली नाही. घरी येऊन तिनं अंबाडीची दोरी वळली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तिला एक गाठ मारली. मग रोज एक. लोक म्हणाले, बाईचं डोकं फिरलं. पुढच्या वर्षी हाक आली, एक गुराखी गेला. आवडाईनं गाठी मोजल्या. तीनशे साठ. त्याच्या पुढच्या वर्षी पुन्हा मोजल्या. पुन्हा तीनशे साठ, आणि हाक तीनशे एकसष्टाव्या दिवशी.

मग तिनं वर्ष बांधलं. चाळीस दिवसांचा एक महिना, असे नऊ महिने. कोंभ, पान, फूल, ऊन, वावटळ, सर, चिखल, कणीस आणि गारठा. आणि शेवटी जो एक दिवस कुठल्याच महिन्यात बसत नव्हता, त्याला ती उरलेला दिवस म्हणाली. त्या दिवशी सगळ्यांनी सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत दारं लावून, कानांत मेण घालून बसायचं. तीन वर्षं गाव तसं बसलं. तीन वर्षांत कुणी गेलं नाही.

चौथ्या वर्षी, गारठ्याच्या महिन्यात, आवडाई तापानं पडली. शुद्धीवर आली तेव्हा त्या महिन्याच्या बत्तीसच गाठी होत्या.

"म्हाळसे, किती दिवस पडून होते मी?" तिनं धाकट्या जावेला विचारलं.

"पाच असतील, जाऊबाई."

"पाच कुठले? सात झाले," दारातून गोंदाजी पाटील म्हणाला. 

म्हणजे तो दिवस उद्या, परवा, नाहीतर तेरवा.

"तिन्ही दिवस दारं लावून बसू," पाटील म्हणाला.

"बसा. पण सगळ्यांच्या कानांत मेण असल्यावर हाक कुठल्या दिवशी आली ते कळेल कुणाला? यंदा निभेल. पुढच्या वर्षी कुठून मोजायचं? कुणीतरी कान उघडे ठेवायला हवेत."

"ऐकलं की ओ दिली जाते, आवडाई."

"तोंडात पाणी धरून बसेन. पाण्यानं भरल्या तोंडातून ओ निघत नाही."

पहिला दिवस गेला. सूर्य मावळल्यावर आवडाईनं दारांवर थापा मारल्या. हाक आली नव्हती. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा तोंडात पाण्याची गुळणी धरून उंबऱ्याबाहेर बसली, मांडीवर दोरी घेऊन.

म्हाळसा दाराच्या फटीतून पाहत होती. तिच्या कानांत मेण होतं, तिला काही ऐकू येत नव्हतं. ऊन डोक्यावर आलं तेव्हा आवडाई एकदम ताठ झाली. तिनं दोरीला मोठी गाठ मारली, ओढून घट्ट केली आणि दोरी खुंटीला अडकवली. गाल फुगलेले, डोळ्यांतून धारा. तशी ती बराच वेळ बसून राहिली. म्हाळसेला वाटलं, निभावलं.

मग आवडाईनं ओंजळ केली. तोंडातलं पाणी ओंजळीत सोडलं आणि ती ओंजळ पुढे धरली. खाली, लहान पोराच्या तोंडाशी धरावी तशी. समोर कुणीच नव्हतं. तरी ओंजळीतलं पाणी कमी होत गेलं.

असं म्हणतात, हाक ठकूची होती. असं म्हणतात, ती एवढंच म्हणाली, "आई, तहान लागलीय."

म्हाळसेनं आवाज ऐकला नाही. पण आवडाईच्या ओठांचा गोल झालेला तिनं पाहिला.

सूर्य मावळल्यावर गावानं दारं उघडली. खुंटीला दोरी होती, दोरीला मोठी गाठ होती. अंगणातून दरीकडे ओली पावलं गेली होती. एक जोड मोठ्या पावलांची. शेजारी एक जोड लहान पावलांची.

कडेसरचं वर्ष अजून त्याच गाठीपासून मोजतात. दर सकाळी गावातली एक बाई दोरीला गाठ मारते, आणि त्या कामाला आवडाईचा हात म्हणतात. उरलेला दिवस सरला की दुसऱ्या दिवशी नवं वर्ष. त्या सकाळी सगळं गाव कड्यावर जमतं आणि एकेकाला नावानं मोठ्यानं हाक मारतं, म्हाताऱ्यांपासून तान्ह्यांपर्यंत. प्रत्येकाची "ओ" आली, की वर्ष सुरू झालं असं धरतात.

फक्त आवडाईचं नाव त्या सकाळी कुणी घेत नाही. तिच्यासाठी सगळे थोडा वेळ गप्प उभे राहतात, दरीकडे पाठ करून, लेकरांना घट्ट धरून. नाव घ्यायचं मनात सगळ्यांच्या असतं. पण खालून तिची ओ आली तर काय करायचं, हे कडेसरात अजून कुणाला माहीत नाही.